अण्णांची एसटी

कराड, रविवार रात्र

प्रिय विन्या,

अण्णांनी काल एसटी वापरली. आणि बरोबर वापरली. घरात हे कुणाला सांगून उपयोग नाही, म्हणून सगळे झोपल्यावर तुला लिहायला बसलोय. फोनवर तू मध्येच बोलतोस.

तब्येती ठीक. माझं बीपी गोळीवर आहे, सुमनचे गुडघे तसेच. अण्णांचं मात्र दिवाळीपासून उतरतंच चाललंय. नावं चुकतात, नाती चुकतात, आणि वेळ तर फारच.

काल दूध आणायला कोपऱ्यावर गेलो होतो. परत आलो तर अण्णा दारात उभे, चेहरा पार पडलेला. "कुठं होतास इतका वेळ?" घड्याळात बघितलं, बारा मिनिटं झाली होती. म्हटलं, "तुम्हाला किती वाटला?" "दोन तास तरी." मग ते स्वतःच भिंतीकडे वळले, घड्याळ बघितलं, ओठातल्या ओठात काहीतरी पुटपुटले आणि म्हणाले, "म्हणजे एक एसटी."

सुमन आतून ओरडली, "अण्णा, आज कुठं जायचं नाहीये, गाडी नाही आज." तिला वाटलं, स्टँडवर निघालेत. धाकट्यानं तर लगेच डॉक्टरांना फोन करून कळवलं, की आता बसची वाट बघायला लागलेत.

तूच सांग, यात चुकलं काय? पाटणच्या शेवटच्या गाडीची वाट बघत आपण दोघांनीच ठरवलेलं ना, मिनिटाची दहा मिनिटं वाटली की एक एसटी? बारा दाहे एकशेवीस. नातवाचं नाव न आठवणाऱ्या माणसानं हा हिशोब उभ्या उभ्या केला. प्रीतिसंगमावर डुंबताना दोन तासांची बारा मिनिटंच वाटतात, मिनिट लांबण्याऐवजी दहापट आखडतं, म्हणून ते एसटीचा शंभरावा भाग, हे तू दुकानाच्या फळीवर खडूनं लिहिलेलं होतंस. अण्णांनी ते कितीतरी दिवस पुसू दिलं नव्हतं. गिऱ्हाइकांनी विचारलं की सांगायचे, पोरांचं संशोधन आहे.

आणि मग तू कॉलेजात गेलास आणि फिजिक्स शिकून आलास! वेळेला वेळेनं भागलं की एकक उडून जातं, उरतो नुसता आकडा, म्हणून एसटी निरर्थक. अख्खी दिवाळी आपण बोललो नाही. फराळाचा डबा घेऊन तुझी आई आली, तू नाही आलास. मिटवलं शेवटी अण्णांनीच. "दुसरं घड्याळ शेजारी ठेवल्याशिवाय पहिलं पुढं की मागं हे कळतं का रे? दिवसाला अर्धा मिनिट पुढं, दिवसाला दोन मिनिटं मागं, माझं दुकान त्या नुसत्या आकड्यावरच चालतं."

त्यावर तू त्यांना 1971 सालचा तो हाफेले आणि कीटिंगचा प्रयोग सांगितलास. सीझियमची अणुघड्याळं प्रवासी विमानांतून जगाभोवती फिरवली, पूर्वेकडून गेलेली 59 नॅनोसेकंद मागं पडली, पश्चिमेकडून गेलेली 273 नॅनोसेकंद पुढं. अण्णांनी डोळ्याचं भिंग काढून विचारलं होतं, "मग त्यात दुरुस्ती काय केली?" तू म्हणालास, "दुरुस्ती कसली अण्णा, घड्याळं बरोबरच होती. त्यांचा वेळच तेवढा झाला."

विन्या, कालपासून हे वाक्य डोक्यातून जात नाही. मी सकाळी साडेआठला घर सोडतो, साडेपाचला येतो. नऊ तास. अण्णांचं घड्याळ बरोबर धरलं तर गुणिले दहा, नव्वद तास. जवळपास चार दिवस तो माणूस खुर्चीत बसून माझी वाट बघतो. रोज! आणि मी आल्यावर घरातले त्यांना समजावतात की अहो, सकाळीच तर गेला होता. म्हणजे चार दिवस काढायचे, आणि वर ते काढलेच नाहीत असं ऐकून घ्यायचं. मी परवा धाकट्याला म्हटलं, त्यांना खोटं पाडू नका. तो म्हणाला, दादा, तू त्यांच्या आजाराला खतपाणी घालतोस. कडाक्याचं वाजलं.

जीपीएसच्या उपग्रहावरचं घड्याळ दिवसाला 38 मायक्रोसेकंद पुढं जातं, म्हणून ते वर पाठवायच्या आधीच तेवढं मंद लावतात, हे तूच सांगितलंयस. फरक आधीच धरून चालायचं. पण अण्णांच्या बाबतीत मी काय मंद लावू? नोकरी सोडू?

एक गोष्ट सापडलीय. गेल्या रविवारी त्यांच्यापुढं बंद पडलेलं एचएमटी जनता घड्याळ ठेवलं. सुटीचा दिवस असल्यानं मला शेजारी बसता आलं. चमचा धरताना थरथरणारा हात चिमटा धरल्यावर थांबला. मागचं झाकण उघडलं, हेअरस्प्रिंगची, म्हणजे आतल्या केसाएवढ्या बारीक स्प्रिंगची, वेटोळी एकमेकांना चिकटलेली मला दाखवली, म्हणाले, "चुंबक लागलंय, हे चालू झालं तरी पळत सुटेल." चुंबक उतरवायचं जुनं डीमॅग्नेटायझर माळ्यावरून काढायला लावलं. मान वर केली तेव्हा म्हणाले, "एवढ्यात चार वाजले?" म्हणजे एसटी कायमची एक नाही. उतरते. पण मी नसताना किती असते, ते कोण मोजणार?

तुझ्या मुलीला नोकरी लागल्याचं कळलं, फार आनंद झाला. घराचं काम मार्गी लागलं का? वहिनींना नमस्कार.

आता मुद्द्याचं. त्या दिवाळीचं भांडण माझ्याशी पुन्हा कर. वाटलेल्या वेळेला गुणाकार लागू पडत नाही, नव्वद तास हा आकडा खोटा आहे, हे मला नीट मांडून दाखव. तू त्यात हुशार आहेस, आणि या खेपेला मला हरायचंय. सविस्तर लिही, फोनवर नको.

फोन अण्णांना कर. सकाळी दहाच्या सुमारास, मी ऑफिसात असताना. डाव्या कानानं बरं ऐकू येतं, सुमनला तसं सांग. आणि तुझ्याकडं बंद घड्याळं पडली असतील तर कुरिअरनं पाठव, किल्लीचीच.

तुझा,
सद्या