शर्तभंग दुसऱ्याचा, शिक्षा वारसांना

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

महार वतनाच्या जमिनीचा एखादा व्यवहार गाजला की चर्चा होते ती किमतीची आणि घेणाऱ्याच्या नावाची. ज्यांच्या आजा-पणजाची ती जमीन, त्या वारसांचं पुढे काय झालं, हे सहसा कुणी विचारत नाही. मी सातारा जिल्ह्यातल्या अशाच एका वतनदार घरातला निवृत्त शिक्षक. आमच्या सातबाऱ्यावर भावकीतली बासष्ट नावं आहेत. त्यातली निम्मी माणसं आज हयात नाहीत.

ही जमीन आम्हाला कुणी खैरात म्हणून दिलेली नव्हती. गावाची वेस राखायची, सारा तालुक्याला पोचवायचा, हद्दीच्या खुणा दाखवायच्या, रात्री-अपरात्री सांगावा घेऊन परगावी जायचं, मेलेलं जनावर ओढायचं, त्या राबण्यापोटी हा तुकडा मिळालेला. या वेठीतून समाज सुटावा म्हणून बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात १८७४च्या वतन कायद्याच्या दुरुस्तीचं विधेयक मांडलं होतं. महार वतनासारखी कनिष्ठ ग्राम वतनं खालसा व्हायला मात्र १९५८चा कायदा यावा लागला. त्यानंतर कब्जेहक्काची रक्कम भरून घेऊन जमिनी वतनदारांना परत दिल्या, पण नवीन अविभाज्य शर्तीवर. जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय विकायची नाही, तुकडे पाडून वाटायचीही नाही. सातबाऱ्यावरचं ‘भोगवटादार वर्ग २’ ते हेच.

ही अट काढून टाका, असं माझं म्हणणं नाही. अट नसती तर बहात्तरच्या दुष्काळातच जमीन पोत्याभर धान्यापायी गेली असती. पण अट चुकवणाऱ्यांनी वाट केव्हाच शोधली. १९९४ साली तालुक्याचे एक गृहस्थ टाइप केलेले कागद घेऊन आमच्या समाजमंदिरात आले. सतरंजीवर शाईचं पॅड ठेवलं आणि ‘वारसनोंदी लावून देतो’ म्हणून एकेकाला पुढं बोलावलं. माझी चुलती अंगठा उठवताना विचारत होती, “बाबा, कशाचा कागूद ह्यो?” तिला दोन हजार रुपये आणि एक लुगडं मिळालं. तो कागद कुलमुखत्यारपत्राचा, म्हणजे आमच्या वतीनं व्यवहार करायचा अधिकार दुसऱ्याला देणारा होता. त्याच्या जोरावर परस्पर विसार झाला, करारनामा झाला, आणि एका सकाळी आमच्या विहिरीच्या बाहेरून तारेचं कुंपण गेलं. आमची विहीर आत, आम्ही बाहेर.

नुसत्या मुखत्यारपत्रानं मालकी जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २०११ साली ‘सुरज लॅम्प’ खटल्यात स्पष्ट सांगितलं. तरी आमचं प्रकरण तलाठ्याकडून मंडळ अधिकाऱ्याकडे, तिथून तहसीलदार, प्रांत, अपर जिल्हाधिकारी असं चढत राहिलं. दिवाणी दावा वेगळाच. इतक्या वर्षांत तलाठ्याचा ‘ग्राम महसूल अधिकारी’ झाला, आमची तारीख तीच. शेवटी हाती आलेला आदेश असा: शर्तभंग झाला आहे, सबब जमीन सरकारजमा करावी. म्हणजे फसवलं एकानं, ताबा घेतला दुसऱ्यानं, आणि जमीन गेली आमची! आम्ही अपिलात आहोत.

आदिवासी बांधवांच्या बाबतीत राज्यानं वेगळा विचार केला होता. बिगरआदिवासींच्या हाती गेलेल्या जमिनी मूळ आदिवासी खातेदाराला किंवा त्याच्या वारसांना परत देण्यासाठी १९७४चा कायदा झाला. शासनानं आमच्याबाबतीतही तोच न्याय लावावा. विनापरवानगी व्यवहार झाल्याचं सिद्ध झालं तर तो व्यवहार रद्द करावा आणि जमीन वारसांकडे, त्याच जुन्या अटीसह, परत द्यावी. वर्ग २चा सातबारा जोडलेला असताना परवानगीचा आदेश पाहिल्याशिवाय दुय्यम निबंधकांनी मुखत्यारपत्र वा करारनामा नोंदवूच नये. आणि वारसनोंदी महसूल खात्यानं वतनाच्या गावांत स्वतः येऊन, फी न घेता कराव्यात. मेलेल्या माणसांची नावं कागदावर राहतात म्हणून तर असल्या गृहस्थांना आमच्या सतरंजीवर बसायला जागा मिळते.

चुलती आता पंच्याऐंशीच्या पुढं आहे. अपिलाच्या दर तारखेला त्या अंगठ्याच्या कागदाची झेरॉक्स पिशवीत घालून ती येते आणि साहेबांच्या दालनाबाहेरच्या बाकावर बसते. निकाल तिच्या हयातीत लागावा.

आपला,
एक निवृत्त शिक्षक, जि. सातारा