मॅट डिलनचा आवाज

चि. मुक्ता,

अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, "आवाज आवडला त्यांना, पण पडद्यावर मी शोभणार नाही म्हणे." मग शनिवारच्या श्रुतिकेच्या तालमीलाही जाणार नाही म्हणालीस आणि फोन ठेवलास. मला तेव्हा काही सुचलं नाही. रात्री झोप लागेना, म्हणून नेहमीसारखी 'गनस्मोक' ही जुनी अमेरिकन रेडिओ मालिका लावली, आणि तिच्या नायकाला आवाज देणाऱ्या विल्यम कॉनरॅडबद्दल तुला कधी नीट सांगितलंच नाही हे लक्षात आलं.

त्याचा जन्म १९२० चा, केंटकीतल्या लुइव्हिलचा. लॉस एंजेलिसच्या एका रेडिओ केंद्रावर निवेदक झाला, युद्धात वैमानिक होता, परत येऊन पुन्हा माईकसमोर. १९४८ च्या जानेवारीत 'एस्केप' या रेडिओ मालिकेत त्याने मुंग्यांच्या फौजेशी झुंजणारा मळेवाला केला. तो भाग ऐकताना मी अजूनही पाय वर घेऊन बसते.

२६ एप्रिल १९५२ ला सीबीएस रेडिओवर 'गनस्मोक' सुरू झालं. १८७० च्या दशकातलं कॅन्ससमधलं डॉज सिटी आणि तिथला कायदा सांभाळणारा मार्शल मॅट डिलन, म्हणजे कॉनरॅड. आवाज खर्जातला, जड, पण त्यात ताठा नाही. माणूस मारावा लागला की डिलन जिंकल्यासारखा बोलत नाही, दमल्यासारखा बोलतो. लाकडी फळ्यांवरून चालत येणारी पावलं ऐकू येतात, बुटांच्या काट्यांची किणकिण होते, आणि मग काहीच नाही. रेडिओवर काहीच नसणं म्हणजे केवढी जोखीम! पण निर्माता-दिग्दर्शक नॉर्मन मॅकडॉनेल ती शांतता तशीच राहू द्यायचा आणि कॉनरॅड ती घाईने भरून टाकायचा नाही.

१९५५ साली मालिका टीव्हीवर गेली. कॉनरॅड ठेंगणा, अंगाने भरलेला. डिलन म्हणून उंचनिंच जेम्स आर्नेस उभा राहिला. चेस्टर करणारा पार्ली बेअर, डॉक करणारा हॉवर्ड मॅकनिअर, किटी करणारी जॉर्जिया एलिस, यांच्यापैकीही कोणाला घेतलं नाही. रेडिओसाठी लिहिलेल्या कितीतरी कथा टीव्हीवर दुसऱ्यांच्या तोंडून आल्या.

पण रेडिओवरची मालिका थांबली नाही, मुक्ता. जून १९६१ पर्यंत, जवळजवळ सहा वर्षं, तेच चौघं माईकसमोर येत राहिले. घरोघरी लोक डिलनला दुसऱ्याच चेहऱ्याने ओळखू लागले होते, तरी. सगळे मिळून साडेचारशेहून जास्त भाग झाले. १९५७-५८ चे भाग मी मुद्दाम पुन्हा पुन्हा ऐकलेत, त्याच्या आवाजात कुठे कडवटपणा सापडतो का म्हणून. मला नाही सापडला. उलट तो आणखी सावकाश बोलतो आहे, असंच वाटतं.

त्याला वाईट वाटलं नसेल, असं मी म्हणत नाही. त्याच्यावर अन्याय झाला, आणि परवा तुझ्यावरही झाला. तो गिळून टाक, असं तुझी आई तुला सांगणार नाही.

पुढे टीव्हीवरच्या 'गनस्मोक'चं थोडं दिग्दर्शनही त्याने केलं. १९७१ ते १९७६ 'कॅनन' या मालिकेत तो नायक होता, त्याच जाडजूड अंगाचा खासगी गुप्तहेर. बरेच जण त्याची गोष्ट इथे आणून सोडतात आणि खूश होतात. मला ते तितकं मोठं वाटत नाही. १९५५ साली त्याला १९७१ थोडंच दिसत होतं? समोर होता तो फक्त पुढच्या आठवड्याचा भाग.

म्हणून शनिवारी जा. श्रुतिकेतल्या तुझ्या म्हातारीला चारच वाक्यं आहेत, मला माहीत आहे. मागे मला वाचून दाखवलीस, तेव्हा "दार उघडंच ठेव" म्हणून तू थांबली होतीस. मला वाटलं, तू ओळ विसरलीस. मग तुझा श्वास ऐकू आला. तिथे कोणी घाई कर म्हणालं, तर एकदा तरी तो विराम तसाच घेऊन दाखव त्यांना.

तुझी,
आई