वार बदलला तरी त्यांना कळतं: गृहमंत्र्यांना एका सराफ बाईचं खुलं पत्र

प्रति,
मा. गृहमंत्री, महाराष्ट्र राज्य,
मंत्रालय, मुंबई.

विषय: शस्त्र परवान्याचा अर्ज नामंजूर झाल्याबाबत, आणि त्या अर्जात लिहिलेल्या भीतीबाबत.

महोदय,

दसऱ्याला अर्ज केला, पुढच्या वर्षीची धनत्रयोदशी उलटल्यावर उत्तर आलं. आम्हा सराफांचं वर्ष असंच मोजलं जातं. मधे एक पाडवा आणि एक अक्षय्य तृतीया येऊन गेली. उत्तर तीन ओळींचं आहे आणि त्यातली शेवटची ओळ अशी: "सबब, आपणास शस्त्र परवान्याची आवश्यकता दिसून येत नाही." हे जे "दिसून येत नाही" आहे, त्याबद्दल मला आपल्याशी बोलायचं आहे.

माझ्या सासऱ्यांनी घातलेली छोटी पेढी मी चालवते. नवरा २०२१ च्या दुसऱ्या लाटेत गेला, तेव्हापासून गल्ल्यावर मीच बसते. दहा बाय पंधराचा गाळा, एक बंगाली कारागीर, काउंटरला एक मुलगी. मंगळसूत्राच्या वाट्या, बाळाचे वाळे, नथी, जोडवी आणि दुरुस्तीची कामं. घर आणि दुकान दोन वेगवेगळ्या पोलीस आयुक्तालयांच्या हद्दीत आहेत, एक ठाण्याच्या आणि एक नवी मुंबईच्या. कोणतं कुठे हे मुद्दाम लिहीत नाही, आणि कोणत्या कार्यालयाने काय केलं हेही नाव घेऊन सांगत नाही. एका टेबलावरच्या माणसाला बोल लावून माझं काम होणार नाही.

हॉलमार्क सक्तीचा झाला हे चांगलंच झालं, हे आधी सांगते. १ एप्रिल २०२३ पासून सोन्याच्या दागिन्यावर एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा सहा अक्षर-आकड्यांचा ओळख क्रमांक लागतो. गिऱ्हाईक मोबाईलवर तो तपासून घेतं, आणि माझ्यासारख्या छोट्या दुकानावरही मोठ्या शोरूमइतका विश्वास ठेवतं. पण त्यासाठी दागिने हॉलमार्क केंद्रावर न्यावे लागतात आणि परत आणावे लागतात. मोठ्या पेढ्यांकडे त्यासाठी गाडी असते, रक्षक असतो. माझ्याकडे अ‍ॅक्टिव्हा आहे. डब्याच्या पिशवीत, पोळीच्या डब्याखाली, कापडात गुंडाळलेले दहा-बारा तोळे.

अर्ज केला त्या वर्षी, २०२४ च्या भाद्रपदात, गौरी विसर्जनानंतरचा शुक्रवार होता. ठाणे आणि नवी मुंबईच्या मधल्या विटाव्याच्या रेल्वे पुलाखाली नेहमीसारखी कोंडी. पाऊस पडून गेलेला, पुलाखाली पाणी साचलेलं, गाड्या एकेक करून निघत होत्या. माझ्या डाव्या बाजूला एक मोटारसायकल येऊन थांबली. दोन मुलं, विशी-बाविशीची. मागच्याने हेल्मेटची काच वर केली आणि अगदी घरच्यासारखं विचारलं, "वहिनी, हॉलमार्कची पिशवी शुक्रवारीच असते ना?" एवढंच. गाड्या हलल्या, ती निघून गेली. त्याने हात लावला नाही, शिवी दिली नाही, काही हिसकावलं नाही. नंबर मला दिसला नाही, कारण माझी नजर डिकीवर खिळली होती.

मी वार बदलला. मंगळवारी गेले, मग पुढच्या आठवड्यात बुधवारी. त्या बुधवारी संध्याकाळी दुकानाच्या फोनवर फोन आला: "वार बदललात, वहिनी."

मी पोलिसांकडे गेले. "काही नेलं का?" नाही. "मारहाण?" नाही. "पैसे मागितले?" नाही. मग एनसी, म्हणजे अदखलपात्र नोंद, लिहून घेतली. घटना पुलाखाली घडली म्हणून ती एकांची हद्द. फोन दुकानावर आला म्हणून ती दुसऱ्यांची हद्द. फोनचा नंबर बंद लागत होता. दोन्हीकडचे लोक माझ्याशी नीट बोलले, चहाही विचारला. पण दोन्हीकडचा कागद एकमेकांना कधी भेटला नाही.

त्यानंतर मी परवान्याचा अर्ज केला, साहेब. बंदुकीची हौस म्हणून नाही. मला भीती वाटते हे सरकारला लिहून देण्याची जी एकच जागा सापडली, तो तो अर्ज होता. "परवाना कशासाठी हवा" या रकान्यात मी पुलाखालची ती दोन मिनिटं लिहिली. जागा पुरली नाही म्हणून वेगळा कागद जोडला.

मग अर्जाबरोबरची कामं सुरू झाली. आधार, पॅन, तीन वर्षांची विवरणपत्रं, दुकानाचा परवाना, मनाने आणि शरीराने ठीक असल्याचा डॉक्टरचा दाखला, घरात हत्यार कुलपात ठेवीन अशी हमी. २०१६ च्या शस्त्र नियमांत सुरक्षित हाताळणीचं प्रशिक्षणही आहे, ते मी केलं. हे सगळं मागितलंच पाहिजे. मी तर म्हणते, अजून कडक मागा.

रेंजवर पहिल्यांदा पॉइंट बावीसचं पिस्तूल हातात घेतलं, तेव्हा सोनं तोलणारा माझा हात थरथरला. मिलिग्रॅमचा फरक बोटांना कळतो मला, पण त्या वजनाचं काही कळेना. तिथल्या शिक्षकांनी सांगितलं, सार्वजनिक ठिकाणी हत्यार नेताना ते म्यानात आणि पूर्ण झाकलेलं हवं, कोणाला दाखवायचं नाही, उगाच हात लावायचा नाही. मी विचारलं, मी अ‍ॅक्टिव्हावर असते, दोन्ही हात हँडलवर, कुर्त्याखाली म्यान, वर ओढणी, पावसाळ्यात त्यावर रेनकोट. वेळ आली तर काढणार कसं? ते थोडा वेळ गप्प राहिले. म्हणाले, "बाई, वेळ आली तर पिशवी द्या."

चौकशीला घरी आलेले हवालदार तर त्याहून स्पष्ट बोलले. पन्नाशीचे, गुडघा धरून जिना चढलेले. आधी विचारलं, घरात पुरुष माणूस कोण? मी सांगितलं, सासरे, अठ्ठ्याहत्तर वर्षांचे. त्यांनी तसं लिहिलं. (२०१४ साली कानपूरच्या ऑर्डनन्स फॅक्टरीने खास महिलांसाठी म्हणून 'निर्भीक' नावाचं रिव्हॉल्व्हर काढलं, पाचशे ग्रॅमच्या आसपास वजनाचं, किंमत सव्वा लाखाच्या घरात. हत्यार बाईसाठी बनतं, पण चौकशीत पुरुष माणूस लागतो, हे मला टोचलं ते टोचलंच.) शेजाऱ्यांचे जबाब घेऊन झाल्यावर निघताना मात्र ते दारात थांबले आणि म्हणाले, "ताई, मनापासून सांगतो, तुमच्याकडचं हत्यार पहिलं त्यांच्याच हातात जाईल." त्या माणसाला माझी काळजी वाटली होती. ते खरंच बोलले. पण त्यांच्या अहवालात तिची एकही ओळ आली नाही, कारण अहवालात तशी जागाच नाही.

आणि एक प्रश्न माझ्या मुलाने विचारला. चौदा वर्षांचा आहे. जेवताना म्हणाला, "आई, ते आलं की कपाटात कुठे ठेवणार?" मी सांगितलं, कुलपात. तो म्हणाला, "किल्ली मला माहीत आहे." त्या रात्री मला झोप लागली नाही.

हे सगळं आपल्याला का सांगते आहे? कारण परवाने खिरापतीसारखे वाटा असं मला म्हणायचं नाही. फेब्रुवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंच आहे की आपल्या देशात, अमेरिकेसारखा, शस्त्र बाळगण्याचा मूलभूत हक्क कोणाला नाही. आमच्या जिल्ह्याने हत्यारांचा माज जवळून पाहिला आहे. २ फेब्रुवारी २०२४ ला उल्हासनगरच्या हिललाईन पोलीस ठाण्यात, थेट वरिष्ठ निरीक्षकांच्या दालनात गोळीबार झाला आणि त्या गुन्ह्यात तेव्हाच्या आमदारांना अटक झाली. सहा दिवसांनी मुंबईत दहिसरला एका माजी नगरसेवकाचा बोलावून घेऊन खून झाला. हत्यार मारेकऱ्याच्या अंगरक्षकाचं होतं, असं तपासात पुढे आलं. मस्साजोगच्या सरपंचांच्या हत्येनंतर बीड जिल्ह्यातल्या परवान्यांची छाननी करून अनेक परवाने रद्द करावे लागले. ते परवाने देताना "आवश्यकता" कोणाला आणि कशी दिसली होती, हा प्रश्न माझ्यासारखी बाई विचारणारच.

माझ्या अर्जाचं काय झालं ते थोडक्यात सांगते. दसऱ्यानंतर तीनच दिवसांनी विधानसभेची आचारसंहिता लागली. परवाना शाखेत सांगितलं, आता असलेलीच हत्यारं जमा करून घेतोय, नवीन काही नाही. ते पटलं. २० नोव्हेंबरला मतदान झालं, निकाल लागले, सरकार आलं. मग बंदोबस्त, मग साहेब बदलले, मग "फाईल वर गेली आहे", मग "फाईल खाली आली आहे". नियमांप्रमाणे पोलीस ठाण्याचा अहवाल तीस दिवसांत जायला हवा आणि अहवाल मिळाल्यापासून साठ दिवसांत निर्णय व्हायला हवा. माझा अहवालच अक्षय्य तृतीयेच्या सुमारास गेला.

या काळात माझी पिशवी महाग होत होती. पुलाखाली तो मुलगा बोलला तेव्हा दहा ग्रॅमचा भाव सत्तर हजारांच्या पुढे होता. २०२५ च्या एप्रिलमध्ये तो लाखाला जाऊन भिडला. तेच बारा तोळे, तोच पोळीचा डबा, तोच पूल. आता मी एका वेळी तीन-चार तोळेच नेते आणि आठवड्यातून तीनदा जाते. म्हणजे पिशवी हलकी झाली आणि पुलाखालून जाणं तिप्पट झालं. याला सुरक्षितता म्हणायचं की नाही, मला ठरवता येत नाही.

साहेब, १९५९ च्या शस्त्र कायद्यात लिहिलं आहे की परवाना नाकारला तर कारणं लेखी नोंदवावीत. "आवश्यकता दिसून येत नाही" हे कारण नाही, हा निर्णय आहे. मला खरं कारण लिहून मिळालं असतं, जसं हवालदार दारात बोलले तसं, की बाई, तुमच्या प्रवासात हत्यार वापरता येणार नाही, घरात वाढता मुलगा आहे, म्हणून परवाना देत नाही, तर मी ते कपाळाला लावून मान्य केलं असतं. पण मग त्याच कागदावर पुढची ओळही हवी होती: तुम्ही लिहिलेल्या धमकीचं आम्ही काय केलं.

ती ओळ नाही, कारण तो जोडलेला कागद धमकी म्हणून कोणी वाचलाच नाही. तो अर्जाचं जोडपत्र म्हणून टाचला गेला. वर्षभर माझी चौकशी झाली. मी कोण, कर भरते का, शेजाऱ्यांशी पटतं का, डोकं ठिकाणावर आहे का. त्या दोघांची चौकशी एक दिवसही झाली नाही. हॉलमार्क केंद्रावर कोण येतं-जातं याची नोंद वही असते, बाहेर कॅमेरा असतो, माझा शुक्रवार माहीत असणारी माणसं फार तर वीस-पंचवीस. हे सगळं मी त्या कागदावर लिहिलं होतं.

म्हणून माझी मागणी परवान्याच्या अलीकडची आहे. शस्त्र परवान्याच्या अर्जात धमकीचं कारण लिहिलेलं असेल, तर तो अर्ज आला त्याच दिवशी त्याची प्रत तपासासाठी पोलीस ठाण्याकडे जाऊ दे, आणि परवाना मिळो न मिळो, त्या धमकीचं काय झालं हे अर्जदाराला लेखी कळू दे. हद्दीची अडचण सांगू नका. १ जुलै २०२४ पासून नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत गुन्हा कोणत्याही पोलीस ठाण्यात नोंदवता येतो, हद्द कुठलीही असो. गुन्हा झाल्यावर हद्द आडवी येत नाही, मग गुन्हा होण्याआधी का यावी? ठाण्यात राहायचं आणि नवी मुंबईत कमवायचं, किंवा उलट, अशी कितीतरी माणसं रोज या पुलाखालून जातात. आमची भीती घरी एका आयुक्तालयात झोपते आणि सकाळी दुसऱ्यात कामाला जाते. तिच्यासाठी दोन्हीकडे मिळून एक अधिकारी, एक फोन नंबर नेमणं अवघड नसावं. तसा नंबर असता, तर तो बुधवारचा फोन आल्यावर मी आधी तिथे फोन केला असता. अर्ज भरायला बसले नसते.

नामंजुरीवर अपील आपल्याच गृह विभागाकडे करता येतं. मी ते केलं आहे, सगळ्या कागदांसह, आणि पुलाखालचा तो जास्तीचा कागद या वेळी सर्वात वर लावला आहे. अपिलात मी परवाना मागितला आहे. पण त्या दोन मुलांना शोधून माझा शुक्रवार त्यांना कोणी सांगितला एवढं जरी आपल्या पोलिसांनी मला कळवलं, तर मी ते अपील त्याच दिवशी मागे घेईन, तसं अपिलातच लिहून दिलं आहे.

येत्या शुक्रवारी साडेसहाला मी दुकानातून निघेन. चार तोळे असतील.

आपली विश्वासू,
एक सराफ बाई,
जिल्हा ठाणे