अपिलाआधीची रक्कम : सवलतीचा अधिकार परत द्या

मा. संपादक,

महोदय,

सीमाशुल्क किंवा केंद्रीय उत्पादन शुल्काच्या आदेशाविरुद्ध अपील करायचे, तर आधी पैसे भरावे लागतात. 6 ऑगस्ट 2014 पासून ही रक्कम पहिल्या अपिलासाठी वादातील शुल्काच्या 7.5 टक्के, दुसऱ्यासाठी 10 टक्के आणि जास्तीत जास्त 10 कोटी रुपये अशी ठरलेली आहे. त्यापूर्वी संपूर्ण शुल्क व दंड भरण्याची अट होती. मात्र त्यामुळे अपीलकर्त्यावर अवाजवी संकट येत असेल, तर महसुलाचे हित राखून ती शिथिल करण्याचा अधिकार अपिलीय आयुक्तांना आणि या करांची अपिले ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाला होता. नव्या तरतुदीने टक्का उतरवला आणि त्याच वेळी हा अधिकारही काढून घेतला.

त्या बदलामागचे कारण मला मान्य आहे. अप्रत्यक्ष करांचा सल्लागार म्हणून पूर्वी त्या अटीतून सवलत मागणाऱ्या स्थगिती अर्जांच्या सुनावण्यांत मूळ अपिले कशी मागे पडत, ते मी पाहिले आहे. आज ठरलेली रक्कम भरली की उरलेली वसुली थांबते, ही बहुतेकांसाठी मोठी सोय आहे.

प्रश्न आहे तो ती रक्कमही उभी न करू शकणाऱ्यांचा. न्हावा शेवा बंदरातून माल आणणाऱ्या छोट्या आयातदाराच्या मालाचे वर्गीकरण विभागाने बदलले, म्हणजे तो जास्त शुल्काच्या गटात टाकला, आणि माहिती दडवल्याचा आरोप ठेवला, तर मागील 5 वर्षांचा फरक एकदम मागता येतो. मागणी 2 कोटींची असेल, तर अपिलाच्या दारातच 15 लाख हवेत, आणि माल तर कधीच जुन्या दराने विकून झालेला असतो. त्याहून बिकट अवस्था केवळ दंड झालेल्या माणसाची. प्रतिबंधित मालाच्या प्रकरणात दंड मालाच्या किमतीइतकाही होऊ शकतो. कस्टम ब्रोकरकडे, म्हणजे आयातदारांच्या वतीने सीमाशुल्काची कामे करणाऱ्या मध्यस्थाकडे, कागदपत्रे हाताळणाऱ्या कर्मचाऱ्याचा पगार तिथे विचारात येत नाही, आणि अपिलासाठी त्यालाही त्या दंडाचे 7.5 टक्के भरावेच लागतात.

नव्या कलमात सवलतीला वाव नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये स्पष्ट केले आहे. मग उरते ती उच्च न्यायालयातील रिट याचिका. पण ज्याच्याजवळ अपिलाचे पैसे नाहीत, त्याने तिचा खर्च कुठून करावा? शिवाय थकलेल्या शुल्कावर सरकार 15 टक्के व्याज घेते आणि अपील जिंकल्यावर ठेव परत करताना 6 टक्के देते.

म्हणून टक्क्यांचा सर्वसाधारण नियम तसाच ठेवून संसदेने न्यायाधिकरणाला मर्यादित सवलतीचा अधिकार परत द्यावा. अर्जदाराने मालमत्तेचे शपथपत्र, विवरणपत्रे आणि बँकेचे उतारे द्यावेत, रोख रकमेऐवजी बंधपत्र किंवा जामीन घ्यावा आणि अर्जाचा निकाल 30 दिवसांत लागावा. तसेच केवळ रक्कम न भरल्यामुळे, गुणदोष न तपासता फेटाळलेल्या अपिलांना असा अर्ज करण्याची एक संधी मिळावी.

आपला,
एक करसल्लागार, नवी मुंबई