पाच ओळींत संपलेला पावसाळा

पुणे, रविवार

प्रिय विन्या,

दिवाळीला फोन करतो म्हणालो होतो, तो राहिलाच. काय शिव्या घालायच्या त्या घाल आणि पुढे वाच. इकडे सगळे ठीक. माझी शुगर काठावर, गोळी चालू.

आज लिहायला बसलो कारण हे घरात कुणाला सांगून उपयोग नाही. काल रात्री ऋचाला आपलं गणित घातलं. तेच! त्रिकोणाचे दोन कोनदुभाजक सारख्या लांबीचे असतील तर त्रिकोण समद्विभुज, सिद्ध कर. कार्टीनं आकृतीसुद्धा काढली नाही. ‘दुभाजकाच्या लांबीचं सूत्र आहे की,’ म्हणाली. दोन्ही लांबींचे वर्ग समान मांडले, सगळं एका बाजूला घेतलं, दोन बाजूंची वजाबाकी कॉमन काढली. कंसात उरली ती सगळी धन पदं. म्हणजे वजाबाकी शून्य. पाच ओळी. ‘झालं बाबा. झोपू आता?’

अरे, आपला अख्खा पावसाळा गेला होता त्यात! कृष्णेला पूर आलेला, मेस बंद, आणि तू माझ्या जर्नलच्या कोऱ्या पानांवर त्रिकोण काढत बसलेला.

आत्ता तू टाळ्या पिटत असशील, ‘बघ, थेट सिद्धता असते, उलटं गृहीत धरून विसंगती काढावी लागत नाही!’ मुळीच नाही. धन संख्या शून्य होऊच शकत नाही, हे तिनं गुपचूप आत घातलंय, म्हणून ते थेट दिसतं. हीच चलाखी तू तेव्हा केली होतीस, आणि सरांनी पकडली होती. गणिताच्या कोड्यांवर लिहिणाऱ्या गार्डनरनं भूमितीवाल्या कॉक्सेटरच्या पुस्तकाच्या परीक्षणात या प्रमेयाबद्दल लिहिलं तर शेकडो वाचकांनी आपापल्या सिद्धता पाठवल्या. त्यातून निवडून निघाली ती दोन इंग्लिश इंजिनिअरांची, आणि तीही अप्रत्यक्षच. इंजिनिअर, विन्या! आपण बीएस्सीवाले नुसते भांडत राहिलो.

पण त्या शेकडो लोकांचंच डोक्यातून जात नाही. कुणी मार्क देणार नव्हतं, तरी तिकीट लावून पत्रं धाडली. ऋचाला उत्तर आलं याचा मला आनंद व्हायला हवा होता. झालाही, थोडा. पण तिला काहीच वाटलं नाही, याचं काय करू? क्लासमध्ये सांगतात, आकृतीत वेळ घालवू नका, अक्ष घ्या नि सोडवा. बरोबरच आहे त्यांचं, तीन तासांच्या पेपरात कोण रेषा बघत बसतो? १९५९ मध्ये फ्रेंच गणिती द्यूदोने भर परिषदेत ‘त्रिकोण मुर्दाबाद’ म्हणाला होता, तो आमच्या गल्लीतल्या क्लासात जिंकला म्हणायचा. कॉक्सेटरनं मात्र त्यानंतर दोन वर्षांनी ‘इंट्रोडक्शन टू जॉमेट्री’ काढलं ते पहिल्याच प्रकरणात त्रिकोण घेऊन. ते मी तिच्या टेबलावर ठेवलंय. चाळून म्हणाली, ‘परीक्षेनंतर.’ मग गुरुवारी आईनं अनन्नस आणला, तर कापू देईना. पुस्तकातल्यासारख्या खवल्यांच्या तिरक्या ओळी मोजत बसली, ५, ८, १३. म्हणजे अगदीच कोरडी नाहीये रे. की मीच असल्या चार खवल्यांवर आशा लावून बसलोय?

आता पेच असा. मॉर्लीचं प्रमेय द्यावं का तिला? कुठल्याही त्रिकोणाचे कोन तिभागले, की शेजारशेजारचे त्रिभाजक भेटतात तिथे समभुज त्रिकोण. १८९९ पर्यंत कुणाला दिसलं नव्हतं म्हणे, आणि १९०९ मध्ये आपल्याकडच्या नारायणअय्यंगारांनी त्याची शुद्ध भूमितीतली सिद्धता दिली. ती हे त्रिकोणमितीनं उडवेल, मला माहीत आहे. कॉक्सेटर उलटा जातो. आधी समभुज त्रिकोण घेतो आणि त्याच्यावरून बाहेरचा मोठा त्रिकोण उभा करतो. ते तिला आपणहून दिसावं असं वाटतं. मी दाखवलं तर बापाचं लेक्चर होतं, नाही दाखवलं तर साईन-कोसाईनचा रतीब.

तुझ्या फ्लॅटचा ताबा मिळाला का? काकूंच्या मोतीबिंदूचं काय ठरलं? वहिनींना नमस्कार. बदलीचं ऐकलं, सविस्तर लिही.

आणि ‘जॉमेट्री रिव्हिजिटेड’ तुझ्याकडेच आहे, नाही म्हणू नकोस. पहिल्या पानावर माझं नाव आहे, तू खोडलं नसशील तर. कुरिअर कर.

मे महिन्यात ऋचा तुमच्याकडे यायचं म्हणतेय. मॉर्ली तूच घाल तिला. पाच ओळींत उडवलंन तर निदान तुझीही एक रात्र झोपेवाचून जाईल.

तुझा,
सुहास