इंडियन ओपनच्या यादीत कॅडींचीही नावं आहेत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या मंगळवारी आपल्या दैनिकात स्पर्धा परीक्षेच्या पानावर एक प्रश्न होता : इंडियन ओपन ही गोल्फ स्पर्धा जिंकणारे पहिले भारतीय कोण? खाली उलट्या अक्षरांत उत्तर होतं : अली शेर, १९९१. हे उत्तर चुकलं आहे. पहिले भारतीय विजेते प्रेमगोपाल सेठी. गोल्फवाले त्यांना बिल्लू सेठी म्हणत. १९६५ साली रॉयल कलकत्ता गोल्फ क्लबच्या मैदानावर त्यांनी ही स्पर्धा जिंकली, आणि तीही हौशी खेळाडू म्हणून. अली शेर हे इंडियन ओपन जिंकणारे पहिले भारतीय व्यावसायिक. आमच्या इमारतीत दोन मुलं भरतीची तयारी करतात. त्यांनी आपलं उत्तर पाठ करून टाकलं होतं. म्हणून आधी विनंती ही, की दुरुस्ती त्याच पानावर आणि तेवढ्याच मोठ्या अक्षरांत छापावी.

पण मी पेन हातात घेतलं ते केवळ दुरुस्तीसाठी नाही. त्या प्रश्नाशेजारी चौकटीत गोल्फची ओळख करून दिली होती आणि तिची सुरुवातच होती ‘धनिकांचा खेळ’. हे दोन शब्द मला लागले.

मी जुना कॅडी आहे, म्हणजे खेळाडूची बॅग उचलून त्याच्याबरोबर चालणारा. दहावीला गणितात नापास झालो आणि १९७७ च्या पावसाळ्यानंतर चेंबूरच्या प्रेसिडेन्सी मैदानावर बॅग उचलायला लागलो. सहा वर्षं ते काम केलं. पुढे ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या एका कारखान्यात चिकटलो, तिथूनच निवृत्त झालो, आता कोपरखैरण्याला राहतो. कारखान्यात तीन पाळ्या केल्या, पण वृत्तपत्रातलं गोल्फचं वाचन सुटलं नाही. माझ्याकडे दोनशे पानी वही आहे. तिच्यात इंडियन ओपनचे विजेते सालवार लिहिले आहेत. सुरुवातीची सालं नंतर मिळतील तशी भरली, १९९१ पासूनची त्या त्या वेळी. आज जे लिहितोय ते त्या वहीवरून.

स्पर्धा सुरू झाली १९६४ साली, दिल्ली गोल्फ क्लबवर. ऑस्ट्रेलियाचे पीटर थॉमसन ब्रिटिश ओपन चार वेळा जिंकलेले होते, पाचव्यांदा पुढच्याच वर्षी जिंकले. आपल्याकडेही खुली राष्ट्रीय स्पर्धा व्हावी म्हणून खटपट करणाऱ्यांत ते होते. पहिली स्पर्धा त्यांनीच जिंकली. मग १९६६ ला आणि पुन्हा १९७६ ला. दिल्लीचं मैदान पुढे त्यांनीच नव्याने आखून दिलं. त्या काळातल्या माझ्या यादीत परदेशी नावंच नावं आहेत. जपानचे केंजी होसोइशी लागोपाठ दोनदा, १९६७ आणि १९६८. ऑस्ट्रेलियाचे ग्रॅहम मार्श १९७१ आणि १९७३. १९८१ ला अमेरिकेचे पेन स्टुअर्ट. तेव्हा ते कोवळे होते, त्यांचं नाव आम्हा कॅडींना ठाऊक असायचं कारण नव्हतं. याच स्टुअर्टनी पुढे यूएस ओपन दोनदा जिंकली आणि १९९९ साली विमान अपघातात गेले. त्यांची बातमी वाचली त्या दिवशी वही काढून १९८१ ची ओळ पुन्हा पाहिल्याचं आठवतं.

सेठींनंतर भारतीय नाव यायला २६ वर्षं लागली. ही २६ वर्षं का लागली ते कॅडीला विचारा. हौशी खेळाडू क्लबचा सभासद असे, त्याला मैदान मिळे, सराव मिळे. आपला व्यावसायिक यायचा कॅडींतून. सभासदाने टाकून दिलेली एखादी खेळायची काठी (तिलाही क्लबच म्हणतात), तलावातून काढलेले बॉल, आणि सोमवारी सभासद नसत तेव्हा मिळेल तेवढं मैदान. आमच्या वस्तीतली पोरं बांधकामावरची सळई टोकाला वाकवून तिचा क्लब करत आणि गटाराच्या कडेने, दोन घरांच्या मधून प्लॅस्टिकचा बॉल मारत. होल म्हणजे पत्र्याचा डबा किंवा जमिनीतला खड्डा. तिथे बॉल जोरात मारून चालत नाही, कुणाच्या तरी दारात जातो. मनगट आवरून, अलगद, हव्या त्या जागी टाकावा लागतो. चेंबूरची कितीतरी मुलं हा खेळ अशीच शिकली आहेत.

आता कॅडी काय शिकतो ते सांगतो, कारण आपल्या वाचकांना वाटतं तो हमाल असतो. ग्रीनवर, म्हणजे होलभोवतीच्या बारीक कापलेल्या गवतावर, पोहोचलं की साहेब पटर, म्हणजे बॉल घरंगळवायची काठी, हातात घ्यायचे आणि नुसतं माझ्याकडे बघायचे. मी उकिडवा बसून गवत बघायचो. चढउतार तर कुणालाही दिसतो, पण गवत कुठल्या बाजूला झुकलंय ते दिसायला डोळा लागतो. आपल्याकडून बघताना गवत चकाकत असेल तर ते पलीकडे झुकलेलं, बॉल पळणार. काळपट दिसलं तर आपल्याकडे झुकलेलं, बॉल रखडणार. शंका आली तर कपाची, म्हणजे होलच्या खड्ड्याची, कड बघायची. कडेच्या एका बाजूला गवत विरळ, विस्कटलेलं दिसतं, झुकाव त्या बाजूला. सकाळी दव असतं तेव्हाचा हिशेब वेगळा, दुपारी बारानंतरचा वेगळा. मी बोटाने एक जागा दाखवायचो, साधारण कपाच्या एक वीत डावीकडे, आणि साहेब तिथे मारायचे. बॉल वळून आत पडला की जो आवाज येतो, तो आवाज मला आजही झोपेत ऐकू येतो. दिवसाला १८ होल, आठवड्याचे सहा दिवस, सहा वर्षं. इतका वेळ दुसऱ्याचा खेळ डोळ्यांनी प्यायला मिळणं ही शाळाच आहे.

ही शाळा पुढे राष्ट्रीय स्पर्धेच्या यादीत दिसते. १९९१ ला जिंकलेले अली शेर हे दिल्ली गोल्फ क्लबचे जुने कॅडी. ज्या मैदानावर त्यांनी दुसऱ्यांच्या बॅगा वाहिल्या, त्याच मैदानावर ते देशाची स्पर्धा जिंकले. १९९३ ला पुन्हा जिंकले. १९९१ ची बातमी मी दुसऱ्या पाळीला जाताना गाडीत वाचली. चारच ओळी होत्या, पण मला उतरायचं स्टेशन कळलं नाही. ते कात्रण वहीत चिकटवलेलं आहे.

त्यानंतर रांगच लागली. १९९८ कोलकात्याचे फिरोझ अली मोल्ला, १९९९ अर्जुन अटवाल, २००० ज्योती रंधावा. सलग तीन वर्षं तीन भारतीय. २००२ ला लखनौचे विजय कुमार, तेही कॅडी म्हणूनच सुरुवात केलेले. रंधावा २००६ आणि २००७ ला परत जिंकले आणि तीन विजेतेपदांत थॉमसन यांच्या बरोबरीला आले. अटवाल पुढे २०१० ला अमेरिकेच्या पीजीए टूर या व्यावसायिक स्पर्धामालिकेत जिंकणारे पहिले भारतीय ठरले. २००९ ला बंगळूरचे मुनियप्पा जिंकले. कॅडीचं काम करून मोठा झालेला माणूस, प्लेऑफमध्ये, म्हणजे बरोबरी सोडवायच्या जादा खेळात, जिंकला. २०१३ ला तर विजेता शेजारच्या देशातला. बांगलादेशचे सिद्दिकुर रहमान ढाक्याच्या मैदानावर बॉल गोळा करत वाढले. त्यांनी अनिर्बान लाहिरी आणि एसएसपी चौरसिया या दोघांना एका फटक्याने मागे टाकलं. हे नाव भारतीय नाही म्हणून मी वहीत साध्या शाईने लिहायला हवं होतं. माझा नियम तसा आहे, भारतीयांची नावं लाल शाईने. पण सिद्दिकुर यांचं नाव मी लालच लिहिलं. तो आमच्यातला माणूस आहे.

चौरसियांबद्दल मात्र थोडं थांबून लिहितो. त्यांचे वडील रॉयल कलकत्ता क्लबवर ग्रीनची देखभाल करत, म्हणजे गवत कापणं, पाणी मारणं, कप हलवणं. मुलगा त्याच गवतावर, कुणी रीतसर न शिकवता, बघून बघून शिकला. १९९९ ला अटवाल जिंकले तेव्हा दुसरे चौरसिया होते. मग २००६ ला दुसरे. २०१३ ला दुसरे. २०१५ ला शेवटच्या दिवशी लाहिरी त्यांच्या सात फटके मागे होते. लाहिरींनी ते सातही भरून काढले, प्लेऑफ झाला आणि चौरसिया पुन्हा दुसरे. पंधरा-सोळा वर्षांत चारदा दुसरं येऊनही जो माणूस पाचव्यांदा टी-वर, म्हणजे पहिला फटका मारायच्या जागी, उभा राहतो त्याला मी मानतो. २०१६ ला दिल्लीत ते जिंकले. आणि लोक म्हणाले, दिल्लीचं मैदान अरुंद, दोन्ही बाजूंना झुडपं, तिथे लांब मारणाऱ्यांना हात आखडावा लागतो, म्हणून आखूड मारणाऱ्या चौरसियांचं जमलं. २०१७ ला स्पर्धा गुरुग्रामला गेली, गॅरी प्लेअर यांनी आखलेल्या मैदानावर. लांबलचक, खोल बंकर म्हणजे वाळूचे खड्डे, ग्रीनला उंचवटे आणि खळगे. जगातले चांगले चांगले तिथे घसरले. चौरसिया सात फटक्यांनी जिंकले. सात! ग्रीनच्या आसपास बॉल कसा टाकायचा आणि पट, म्हणजे ग्रीनवरचा घरंगळता फटका, कशी वाचायची हे ज्याच्या हाडात मुरलंय, त्याला मैदान बदलल्याने काय होणार?

या यादीत आपलं म्हणता येईल असं एक नाव आहे तेही सांगून ठेवतो. अनिर्बान लाहिरींचा जन्म पुण्याचा, १९८७ चा. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये चौरसिया आणि लाहिरी दोघेही खेळले. टोकियोत लाहिरींबरोबर पुण्याचे उदयन माने होते. त्याच टोकियोत, २०२१ च्या ऑगस्टमधल्या शनिवारी सकाळी, अदिती अशोक चौथी आली. तिने महिलांची इंडियन ओपन २०१६ ला जिंकलेली होती. त्या सकाळी आमच्या सोसायटीत, ज्यांना पार आणि बर्डीतला फरक माहीत नाही अशी माणसं टीव्हीसमोर बसली होती आणि मी समजावून सांगत होतो. संध्याकाळी नीरज चोप्राचा भाला गेला आणि अदिती मागे पडली, ते साहजिक आहे. पण त्या एका सकाळने मला कळलं की आपल्या माणसांना या खेळाचं वावडं नाही. त्यांना कुणी सांगितलेलं नाही, एवढंच.

आपल्या पानांवर गोल्फ हा शब्द येतो तो जमिनीच्या भांडणात. नेरूळच्या पाणथळीवर गोल्फ कोर्स करण्याचा घाट उच्च न्यायालयाने २०१८ ला रोखला. तो योग्यच रोखला, पक्ष्यांच्या जागेवर मैदान मलाही नको. पण खारघरला डोंगराच्या पायथ्याशी सिडकोचं मैदान आहेच. पावसाळ्यानंतर तिथलं गवत कसं असतं ते मी कुंपणाबाहेरून बघून आलो आहे. तिथे कोण खेळतं, कोण बॅग उचलतं, त्यांतल्या किती पोरांच्या हाताला गुण आहे, हे लिहायला आपला बातमीदार एक सकाळ गेला तर बिघडेल काय? २०१७ नंतर, २०२५ पर्यंत, इंडियन ओपनच्या यादीत एकही लाल नाव नाही. मॅट वॉलेस, स्टीफन गॅलाकर, मग करोनाची मोकळी वर्षं, मग मार्सेल सीम, केइता नाकाजिमा, यूजेनिओ चाकारा. इंग्लंड, स्कॉटलंड, जर्मनी, जपान, स्पेन. २०२५ ला बक्षिसाची एकूण रक्कम साडेबावीस लाख डॉलर होती. पैसा वाढला तसा बाहेरचा मोठा खेळाडू येणार, त्यात गैर काही नाही. पण आपल्याकडे खेळाडू घडले ते कॅडींच्या बाकावर. त्या बाकावर बसलेल्या पोराला आपलंच वर्तमानपत्र सांगणार असेल की हा धनिकांचा खेळ आहे, तर त्याने पटर कशासाठी हातात घ्यायचा?

पुढच्या इंडियन ओपनच्या चारही दिवसांचे भारतीय खेळाडूंचे स्कोअर आपण छापावेत. क्रिकेटच्या तळाला दोन ओळी नकोत, छोटा का होईना तक्ता हवा. आणि खेळाडूच्या नावाखाली त्याच्या कॅडीचं नाव टाकावं. ते कुठेच छापलं जात नाही.

विजेत्यांची यादी आपल्याला हवी असेल तर मी ट्रान्स-हार्बरने ठाण्याला आपल्या कार्यालयात वही घेऊन येईन. शनिवारी मराठी ग्रंथसंग्रहालयात येतोच, तिथून पुढे येता येईल. फक्त वही ठेवून जाता येणार नाही, समोर बसूनच उतरवून घ्यावी लागेल. अली शेर यांचं कात्रण घडीवर फाटलंय आणि ते मी स्वतःच्या हातानेच उलगडतो.

आपला,
एक निवृत्त कामगार व जुना कॅडी
कोपरखैरणे, नवी मुंबई