रोजनामा आधी काढ

सोलापूर,
१४ डिसेंबर २०२५

प्रिय दत्ता,
सप्रेम नमस्कार.

भाच्यावरच्या हल्ल्याच्या खटल्यात अकरा तारखा होऊनही एक साक्ष झाली नाही, हे वाचून जीव तुटला. पण "कोर्टात असंच चालतं" म्हणून गप्प बसू नकोस. खटला कुठं अडलाय ते रोजनाम्यात, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याच्या कोर्टाच्या नोंदीत, लिहिलेलं असतं. ई-कोर्ट्स अ‍ॅपवर खटल्याचा सोळा अक्षरी ओळख क्रमांक, म्हणजे सीएनआर नंबर टाक, तारखा दिसतील. तिथला मजकूर त्रोटक असतो, म्हणून रोजनाम्याच्या नकलेसाठी अर्जही दे. मग प्रत्येक तारखेपुढं कारण मांड : आरोपी गैरहजर, मुद्देमाल आला नाही, समन्स बजावलं नाही, आरोपीच्या वकिलांचा मुदतीचा (तारीख पुढं ढकलण्याचा) अर्ज. जे पुन्हा पुन्हा दिसेल, तिथंच गाठ आहे.

आपल्याकडं बहुतेक वेळा समन्सच अडतं. पंच, म्हणजे पंचनाम्याचा साक्षीदार, म्हणून घेतलेला यंत्रमाग कामगार खोली बदलून भिवंडीला गेलेला असतो आणि समन्सवर शेरा पडतो, "सदर इसम पत्त्यावर मिळून आला नाही." एवढ्या एका ओळीनं महिना जातो. चार्जशीटमध्ये साक्षीदारांची यादी असते. त्यांचे आजचे पत्ते आणि मोबाईल नंबर काढून सरकारी वकिलांना व पोलीस ठाण्याचं कोर्टाचं काम बघणाऱ्या पैरवी हवालदारांना लेखी दे, पोच घे. मात्र साक्षीत काय सांगायचं याबद्दल कुणाशी चकार शब्द काढू नकोस. "पढवून आणलेला साक्षीदार" हा डाग उलटतपासात पुसता पुसत नाही.

जखमेचं सर्टिफिकेट लिहिणारा निवासी डॉक्टर शिक्षण संपवून गेला असेल, तरी अडायचं कारण नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी खटले कसे चालवायचे त्या कायद्याच्या) कलम ३३६ खाली, मूळ अधिकारी बदलून गेला किंवा सापडत नसेल, तर त्याच्या जागेवरच्या अधिकाऱ्याला बोलावता येतं. सरकारी वकिलांना ही आठवण करून द्यावी लागते, कारण त्यांच्या टेबलावर फायलींचा ढीग असतो.

मुदतीच्या अर्जांवर त्याच संहितेचं कलम ३४६ आहे. हाताबाहेरचं कारण असेल तरच मुदत, तीही दोनदाच, दुसऱ्या बाजूची हरकत ऐकून आणि कारण लिहून. वकील दुसऱ्या कोर्टात आहेत, हे कारण चालत नाही. पण हरकत कुणी घेतलीच नाही तर हे कलम कागदावरच राहतं. म्हणून कलम १८(८) खाली कोर्टाची परवानगी घेऊन सरकारी वकिलांच्या मदतीला आपला वकील दे. वकील असला की चार्जशीटची प्रतही पीडिताला मिळते. मात्र तो स्वतंत्रपणे उलटतपास घेऊ शकत नाही, प्रश्न सरकारी वकिलांमार्फतच जातात. फी झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडं जा, किंवा १५१०० ला फोन कर. नुकसानभरपाईबद्दलही तिथंच विचार.

साक्षीदारांना धमक्या येतायत असं लिहिलंयस, ते मला सगळ्यात गंभीर वाटतं. साक्षीदार संरक्षण योजनेत जिल्हा न्यायाधीशांच्या समितीकडं अर्ज करता येतो. तारीख, वेळ, शब्द जसेच्या तसे लिही आणि आजच दे.

कोल्हापूरला जाऊन हायकोर्टातून सहा महिन्यांत खटला संपवण्याची मुदत आणावी, असं तुझ्या मेव्हण्याचं म्हणणं. सर्किट बेंच ऑगस्टपासून जवळ आलंय खरं, पण अशा मुदती अपवादानंच घालाव्यात, असं सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठानं फेब्रुवारी २०२४ मध्ये सांगितलंय. आधी इथल्याच कोर्टात, रोजनाम्याची नकल जोडून, लवकर सुनावणीचा अर्ज सरकारी वकिलांमार्फत दे.

नकल मिळाली की फोटो पाठव. पुढच्या तारखेआधी दोघं बसून एकेक नोंद बघू. ताईंना नमस्कार सांग.

तुझा,
विजय